नाव, गल्ली, धंदा, सही

प्रति,
शांतता कमिटीचे समस्त सदस्य, पोलीस ठाण्याचे साहेब, गणपती मंडळांचे अध्यक्ष, मशिदीचे आणि दर्ग्याचे ट्रस्टी, आणि आमंत्रण नसताना चहाच्या टायमाला बरोबर पोचणारे सगळे पुढारी यांना,

स. न. वि. वि.

मी स्टँडसमोरचा झेरॉक्सवाला. नाव घालत नाही, तुम्ही सगळे ओळखता आणि निम्म्यांची उधारी माझ्या वहीत आहे. गावाचं नावपण टाकत नाही, सांगली जिल्ह्यातलं कृष्णाकाठचं एक मोठं गाव एवढं बास, कारण हे काय आपल्या एकट्याच्या गावाचं दुखणं नाही आणि उगं कुणाची बदली व्हावी म्हणून तर मी अजिबात लिहीत नाहीये, साहेब माणूस म्हणून चांगलेच आहेत.

आणि मुद्दाम आत्ता लिहितोय. २०२५ चे गणपती गेले, ईद झाली, जुलूस निघाला, नवरात्र पार पडलं, कुठं काय झालं नाही. सणाआधी लिहिलं असतं तर तुम्हीच म्हणाला असता की हा पेटवायला बघतोय. आता दिवाळी झाली की पालिका-झेडपीचा धुरळा उडायला लागेल, त्याच्या आधी एकदा डोक्यातनं उतरवून टाकतो.

विषय एका कागदाचा आहे. शांतता कमिटीच्या मीटिंगचं हजेरीपत्रक. श्रावण निम्मा सरला की ठाण्यातनं फोन येतो, "ते आपलं मागचंच काढ रे, तारीख बदल फक्त". फाईल माझ्याच कॉम्प्युटरात आहे, नाव 'शांतता कमिटी हजेरी फायनल नवीन', २०१० ला मीच टाईप केलेली, वरनं आलेल्या एका नमुन्यावरनं. वर हेडिंग, खाली तारीख-वेळ-ठिकाण, आणि मग उभी रेघ मारून दोन रकाने. डावीकडं 'हिंदू समाज प्रतिनिधी', उजवीकडं 'मुस्लिम समाज प्रतिनिधी'. दोन्हीकडं वीस-वीस ओळी. पंधरा वर्षं मी त्याच्या प्रिंटा मारतोय, पैसे कधी पुढच्या वर्षी मिळतात कधी मिळतच नाहीत ते जाऊ दे, पण खरं सांगायचं तर इतक्या वर्षांत तो कागद मी एकदाही वाचला नव्हता. आपण आपलं छापतो, वाचतोय कोण.

यंदा ईद ५ सप्टेंबरला आणि अनंत चतुर्दशी ६ ला आली होती त्यामुळं मीटिंगला गर्दी जरा जास्त, कागद कमी पडले म्हणून मी दहा प्रिंटा घेऊन स्वतःच गेलो. दाराशी टेबल, टेबलामागं बीट हवालदार, पेनाला सुतळी बांधलेली. आमच्या गणपती मंडळाचे अध्यक्ष आणि खजिनदार दोघं एकाच गाडीवरनं आले. खजिनदार म्हणजे तोच, पाणबुडी मोटरा रिवायंडिंग करतो तो. अकरा वर्षं मंडळाचं पावतीपुस्तक त्याच्याकडं आहे, एका रुपयाचा फरक निघाला तर स्वतःच्या खिशातनं घालून वर आठ दिवस शोधत बसतो असला माणूस. अध्यक्षांनी डावीकडं सही ठोकली. ह्यानं त्यांच्या खालच्या ओळीवर पेन टेकवलं, नावाचं पहिलं अक्षर काढलं, आणि हवालदार म्हणाले, "अवो, तुमचं तिकडं. त्या बाजूला."

आवाज अगदी साधा हो. त्यांच्या मनात काहीही नव्हतं, तिकिटाच्या चुकीच्या रांगेत उभ्या राहिलेल्या माणसाला सांगावं तसं सांगितलं. खजिनदारानं एक सेकंद कागदाकडं बघितलं, काढलेल्या अक्षरावर काट मारली आणि उजवीकडं सही केली. मग आत जाऊन बसला, चहा घेतला, बिस्किट घेतलं. तो कागद संध्याकाळी स्कॅनिंगला माझ्याकडंच आला. डावीकडं चौथ्या ओळीत ते एक अक्षर आणि त्याच्यावरची काट तशीच आहे, स्कॅनमध्ये पण आलीये.

विसर्जनानंतर हिशोब झाला, सगळं चोख. त्यानं पावतीपुस्तक टेबलावर ठेवलं आणि म्हणाला, "पुढच्या वर्षी दुसरं कोणतरी बघा, मोटरींचा सीझन असतोय, मला जमत न्हाई." गणपतीत मोटरींचा सीझन? भर पावसात कोण मोटर लावतंय जळायला? पण कुणी काय बोललं नाही. अध्यक्ष मोबाईल बघत बसले. मीपण गप्प बसलो, आणि गप्प बसलो म्हणूनच आता हे लिहितोय.

त्याच दिवशी त्या टेबलापाशी अजून काय काय झालं ते पण सांगतो, कारण मी तिथं पाऊण तास उभा होतो आणि मला तर हसायला येत होतं आधी. एक इनामदार आले. आता इनामदार आपल्याकडं दोन्हीकडं आहेत, देशमुख आहेत, पाटील पण आहेत. हवालदार नवीन, मराठवाड्यातनं बदलून आलेले, त्यांना काय माहीत, त्यांनी आपलं विचारलं, "तुम्ही कुठले इनामदार?" मग जैन बस्तीचे गुरुजी आले, रिटायर हेडमास्तर, ते चष्मा वर करून म्हणाले "मी कुठं करू?" हवालदार म्हणाले "करा की डावीकडं". गुरुजींनी केली, पण करताना पुटपुटले की २०१४ पासनं सरकारनं आम्हाला अल्पसंख्याक धरलंय बाबा, दाखल्यापुरतं. त्यांच्यामागं आंबेडकर जयंती मंडळाचा अध्यक्ष होता, त्यानं मात्र साफ नकार दिला. म्हणाला, "आमच्या आजोबांनी छप्पन साली रकाना सोडलाय, आता मी परत बसू व्हय त्यात?" आणि सुतळीचं पेन ओढून त्यानं कागदाच्या पार खाली स्वतःच एक आडवी रेघ मारली, त्याखाली आपलं नाव लिहिलं आणि सही केली. सगळे हसले. हवालदारांनी माझ्याकडं असं बघितलं की जसं काय तिसरा रकाना न काढणं ही माझी चूक आहे.

तेव्हा मला वाटलं की आपले कर्मवीर अण्णा, म्हणजे भाऊराव पाटील, आज ह्या मीटिंगला आले असते तर कुठं सही केली असती? हसू नका, विचार करा. घर जैनाचं. १९१९ ला कराडजवळ काल्याला रयत शिक्षण संस्था काढली, १९२४ ला साताऱ्यात बोर्डिंग आणलं, तिथं महार, मांग, मराठा, मुसलमान, जैन सगळी पोरं एका चुलीवरचं खायची, स्वतः रांधायची, स्वतः भांडी घासायची. १९२७ ला गांधीजी येऊन गेले आणि त्यांच्या हस्ते त्या बोर्डिंगला शाहू महाराजांचं नाव पडलं. त्या काळात पोराला एका पंगतीला बसवायचं म्हणजे गावकीशी भांडण घेणं होतं, लोकांनी नावं ठेवली, सोवळं-ओवळं काढलं, तरी पंगत मोडली नाही. आपल्या जिल्ह्यातले निम्मे साहेब, मास्तर, आमदार-खासदार त्या पंगतीतनं उठून आलेत. आणि त्यांच्याच नातवंडांना मीटिंगला बोलवून आपण दोन रकान्यांत उभं करतोय.

आता तुम्ही म्हणाल झेरॉक्सवाला लई शहाणा झाला. झालो. माझ्याकडं एमपीएससीच्या पोरांच्या नोट्स येतात, दोनदोनशे पानं, मशीन चालू असताना मला दुसरं काम नसतं, मी वाचतो. इतिहासाचं आणि राज्यघटनेचं तर मला तोंडपाठ झालंय, परीक्षा दिली असती तर पास झालो असतो, वय गेलं. त्यातनंच कळलं की हा दोन रकान्यांचा कागद आपल्या देशात फार जुना आहे. १९०९ ला मोर्ले-मिंटोच्या कायद्यानं इंग्रजांनी मुसलमानांना वेगळे मतदारसंघ दिले, म्हणजे मुसलमान उमेदवार आणि त्याला मत देणारे पण फक्त मुसलमान. म्हणजे कसं, माझ्या गल्लीतली गटार तुंबली तर मी माझ्या रकान्यातल्या माणसाकडं जायचं आणि शेजारच्यानं त्याच्या रकान्यातल्याकडं, गटार मात्र एकच. मंडळवाल्यांसाठी मुद्दाम सांगतो, १९१६ च्या लखनौ करारात आपल्या लोकमान्यांनी सुद्धा हे मान्य केलं होतं, आधी सगळे मिळून इंग्रजाला काढू मग घरातलं बघू असा त्यांचा हिशोब होता, त्यांना नावं ठेवायला मी सांगत नाहीये. पण त्या रकान्याचं पुढं काय झालं ते १९४७ ला बघितलं सगळ्यांनी.

म्हणून घटना करायला बसले तेव्हा पहिल्या काही कामांतलं एक काम म्हणजे हा कागद फाडणं. १९४७ च्या ऑगस्टमध्येच ठरलं की वेगळे मतदारसंघ बंद. तरी धर्मानुसार काही राखीव जागा ठेवू असं होतं, पण १९४९ च्या मे महिन्यात त्या पण काढल्या, अनुसूचित जाती-जमातींच्या तेवढ्या ठेवल्या. सरदार पटेल ह्यासाठी नेमलेल्या अल्पसंख्याकांच्या सल्लागार कमिटीचे अध्यक्ष. आणि ह्यात एक बाई होत्या, बेगम ऐजाज रसूल, मुस्लिम लीगच्या तिकिटावर आलेल्या, त्यांनी सभागृहात उभं राहून सांगितलं की राखीव जागा आम्हाला कायमच्या बाकीच्यांपासनं तोडतील, आम्हाला नकोत. मद्रासचे मोहम्मद इस्माईल त्याच सभागृहात नेमकं उलटं म्हणत होते, वेगळे मतदारसंघ राहिले पाहिजेत म्हणून. म्हणजे एकाच रकान्यात दोन मतं! रकान्याचा हा गुणच आहे बघा, आतल्या माणसांची मतं वेगळी असू शकतात हे त्याला दिसत नाही.

मग घटनेत कलम ३२५ आलं. एका मतदारसंघाला एकच सर्वसाधारण मतदारयादी, धर्म, वंश, जात किंवा लिंग एवढ्याच कारणावरनं कुणाचं नाव वगळायचं नाही आणि कुणाला वेगळी यादी मागता यायची नाही. एवढंच. कलम १४ आणि २१ वर लोक व्याख्यानं देतात, ३२५ कुणाला आठवत पण नाही, पण माझ्यासारख्या याद्या छापणाऱ्या माणसाला विचाराल तर खरा देश तिथं तयार झाला. १९५१-५२ च्या पहिल्या निवडणुकीला सतरा कोटींच्या वर लोकांची एक यादी झाली, घराशेजारी घर जसं आहे तसं नावाशेजारी नाव. (त्यात पहिले मुख्य निवडणूक आयुक्त सुकुमार सेन साहेबांनी साधारण २८ लाख बायकांची नावं गाळली कारण त्या स्वतःचं नाव सांगायलाच तयार नव्हत्या, अमक्याची बायको, तमक्याची आई एवढंच सांगायच्या. बायकांचा विषय खाली परत येणार आहे.) आजपण माझ्याकडं वॉर्डाची यादी छापायला येते तेव्हा बघतो, बागवान, बाबर, भोसले, मुजावर, माळी, मोमीन, एका खाली एक, भिंतीला भिंत लागून असलेली घरं असतात तशी. एवढ्या मोठ्या देशाची यादी एका रकान्यात बसली आणि आमच्या चाळीस माणसांच्या मीटिंगची बसत नाही.

मी हे सगळं मशिदीच्या ट्रस्टींना बोलून दाखवलं. चहाच्या टपरीवर, खासगीत. मला वाटलं खूश होतील. ते म्हणाले, "भाऊ, तुझं बरोबर आहे, पण उजवा रकाना काढलास तर आम्हाला मीटिंगला बोलवणार कोण? निदान रकाना आहे म्हणून वीस खुर्च्या तरी मिळतात. एक यादी केलीस की चाळीस तुमच्याच सह्या असतील."

ह्याच्यावर मला उत्तर सुचलं नाही लगेच, आणि खोटं कशाला बोलू, पूर्ण उत्तर अजून पण नाही. कारण त्यांचं म्हणणं हवेतलं नाही. १९४९ ला ज्यांनी राखीव जागा सोडल्या त्यांनी बाकीच्यांच्या शब्दावर सोडल्या, की तुम्ही आम्हाला माणूस म्हणून निवडून द्याल. आणि २०२४ च्या लोकसभेला महाराष्ट्राच्या ४८ खासदारांत एकपण मुस्लिम नाही. अठ्ठेचाळीसात शून्य. आता कोण म्हणेल लायक उमेदवार नव्हता, कोण म्हणेल पक्षांनी तिकीटच दिलं नाही, काय असेल ते, पण उधारीची वही माझ्याकडं पण आहे आणि मला कळतं की ही उधारी कुणाच्या नावावर आहे. त्यामुळं ट्रस्टी साहेबांना मी डावीकडच्या रकान्यातला माणूस म्हणून हे ऐकवायला गेलो ते जरा आगाऊपणाचंच झालं. पण म्हणून दोन रकाने चालू ठेवायचे हे पण मला पटत नाही, कारण रकान्यानं त्यांना खुर्च्या दिल्या आणि खजिनदाराचं पावतीपुस्तक घेतलं.

साहेबांचं म्हणणं वेगळं. ते म्हणाले, वर रिपोर्ट जातो, दोन्ही समाजाचे लोक हजर होते हे कागदावर दिसावं लागतं, काही झालं तर पहिलं विचारणं आम्हाला होतं. हे पण खरंच आहे. २००९ ला मिरजेत गणपतीत कमानीवरच्या अफजलखान वधाच्या चित्रावरनं जे झालं ते आपण सगळ्यांनी बघितलंय, सांगली, इचलकरंजीपर्यंत लोण गेलं, कर्फ्यू लागला, विसर्जनं रखडली, आणि विधानसभेचं मतदान महिनाभरावर आलेलं. मी तेव्हा महिनाभर दुकान अर्धं शटर पाडून चालवलं. माझ्या कॉम्प्युटरातली फाईल २०१० ची आहे ती त्यामुळंच. म्हणजे भीतीतनं झालेला कागद आहे तो, मला कळतं. पण त्या कागदानं काय थांबलं ते सांगा. १० सप्टेंबर २०२३ ला खटाव तालुक्यात पुसेसावळीला एका सोशल मीडियाच्या पोस्टवरनं जमाव मशिदीवर गेला, एक तरुण माणूस जीवानिशी गेला, अख्ख्या सातारा जिल्ह्याचं इंटरनेट बंद होतं. सणासुदीला कमिटीच्या बैठका आपल्याकडं सगळीकडंच होतात, कागदावर सह्या सगळीकडंच असतात.

भाषणात आपल्याकडं गोटखिंडीचं उदाहरण हमखास येतं, तिथं मशिदीत गणपती बसतो, चाळीसेक वर्षं झाली, टीव्हीवाले दर वर्षी जातात. यंदापण साहेबांनी सांगितलं, पुढाऱ्यांनी सांगितलं, कडेगावच्या मोहरमचे गगनचुंबी ताबूत पण आले भाषणात, टाळ्या झाल्या. मला ह्या उदाहरणांचं कौतुक आहे पण जरा बघा ते कसं झालं. गोटखिंडीत जोराचा पाऊस आला, मूर्ती भिजायला लागली, शेजारी मशिदीला छप्पर होतं, लोकांनी मूर्ती आत नेली. कुठल्या रकान्याच्या प्रतिनिधीनं कुठल्या प्रतिनिधीला लेखी विनंती केली नव्हती. पावसात छप्पर कुणाचं हे बघत बसायला वेळ नव्हता, एवढीच त्यातली थोरवी, आणि मला ती फार मोठी वाटते. आपल्या जत्रेला बकरं कापायला अजून मुलाण्यालाच बोलवतात की नाही? देवीचा नैवेद्य, आणि सुरी मुलाण्याची, आणि त्याचा मानाचा वाटा ठरलेला. ह्याला कुणी सलोखा म्हणत नाही, ह्याच्यावर कुणी भाषण करत नाही, ते आपलं चालू आहे.

आता बापाचं सांगतो. माझे वडील स्टँडसमोरच मराठी टायपिंग करायचे, मोठं मशीन होतं, अजून माळ्यावर आहे. दसऱ्याला माळा झाडताना त्यांच्या कार्बन कॉप्यांचा गठ्ठा सापडला, उंदरानं कोपरे खाल्लेले. त्यात एक कागद निघाला, 'गणेशोत्सव व मोहरम निमित्त शांतता सभा, हजर इसमांची यादी'. सन फाटून गेलाय पण मशीनचा जो 'र' तुटका यायचा त्यावरनं ऐंशीच्या आसपासचा असणार. एकच यादी. १ ते ३७. रकाने चार: नाव, गल्ली, धंदा, सही. शेती. शेती. किराणा. शिंपीकाम. सोसायटी सचिव. शेती. पिंजारकाम. कारखाना स्लिप बॉय. वैदू. शिक्षक. तमाशा फड मालक (हे वाचून मी दहा मिनिटं हसलो, आजच्या मीटिंगला कोण बोलवतंय फडमालकाला). सायकल दुकान. शेती. कुठं रेघ नाही, कुठं 'समाज' हा शब्द नाही. वाचताना गाव उभं राहतं डोळ्यासमोर. माझ्या फाईलवरनं काय उभं राहतं? दोन टोळ्या.

म्हणजे असंही नाही की तेव्हा सगळं गोडीगुलाबीचं होतं. आमच्याच वडिलांनी सांगितलेलं आहे की ४८ ला गांधीजींचा खून झाल्यावर आपल्या सातारा-सांगली भागात ब्राह्मणांची घरं कशी जळली, शेजारच्यांनीच जाळली. पत्री सरकारचा हाच मुलूख, ४३ ते ४६ इंग्रजाला बाजूला सारून नाना पाटलांच्या लोकांनी गावोगाव स्वतःची न्यायदान मंडळं चालवली, आणि दोनच वर्षांत हे. त्यामुळं जुनं ते सोनं असं मला म्हणायचं नाही. एवढंच की भांडण मिटवायला बसताना माणसाला त्याच्या कामावरनं ओळखायचं एवढी अक्कल त्या टाईपरायटरला होती. आर. आर. आबांनी २००७ ला तंटामुक्ती आणली त्यात पण शिक्षक, डॉक्टर, वकील, बचत गटाच्या बायका असेच लोक घ्यायचे होते, पुढं त्याचे फक्त बोर्ड राहिले ते सोडा.

धर्म-जातीचा रकाना कुठंच नको असं माझं म्हणणं नाही. दाखला, स्कॉलरशिप, आरक्षण, सगळ्याला लागतो, आणि माझं दुकान त्यावरच चालतं. सप्टेंबरात मराठ्यांच्या कुणबी दाखल्यांसाठी हैदराबाद गॅझेटचा जीआर आला आणि मग सातारा गॅझेट सातारा गॅझेट म्हणत लोक पणजोबाच्या मोडी नोंदी घेऊन माझ्याकडं लाईनला उभे. ज्याला मिळायला पाहिजे ते मिळण्यासाठी मोजावंच लागेल, त्याच्याशी माझं काय भांडण नाही. जुलैमध्ये विधानसभेत इस्लामपूरचं ईश्वरपूर करायचं जाहीर झालं, त्याचे पण लेटरहेड छापायला आले, छापले, धंदा आहे. (जुने लोक अजून इस्लामपूरला 'उरुणात जाऊन येतो' म्हणतात, संभूआप्पा-बुवाफनच्या उरसाला गुरू मुसलमान आणि शिष्य हिंदू दोघांच्या नावानं गर्दी करतात, पाटी कुठली का असेना.)

बायकांचं म्हणलो होतो. गेल्या वर्षी एका पोरानं रात्री स्टेटस टाकलेलं आठवतंय ना, सगळ्यांना आठवतंय, नाव नको. अकरा वाजता चौकात दीडशे पोरं. मी दुकानाच्या वर राहतो त्यामुळं मी खिडकीतनं सगळं बघत होतो. दोन्ही रकान्यांतल्या माननीयांना फोन लावले गेले, काहींचे बंद, काहींना अचानक बीपी. मग आपल्या वॉर्डातल्या आशाताई, म्हणजे आशा वर्कर, निघाल्या. गाऊनवर ओढणी टाकून, हातात बॅटरी. त्या पोराच्या घरी गेल्या, त्याच्या आईला उठवलं, पोराच्या कानाखाली एक वाजवली, स्टेटस डिलीट करायला लावलं, आणि आईला घेऊन तशाच चौकात आल्या. चौकातल्या पोरांना म्हणाल्या, "तुमच्यातल्या अर्ध्यांना पोलिओचा डोस मी पाजलाय, घरला जावा न्हाईतर एकेकाच्या आयांना बोलवत्ये." वीस मिनिटांत चौक मोकळा. पोलीस गाडी आली तेव्हा तिथं फक्त भेळेच्या गाड्यावरची कुत्री होती. ह्या बाईंचं नाव कुठल्या रकान्यात आहे? कुठल्याच नाही. चाळीस ओळींत एक बाई नाही. पहिल्या निवडणुकीत बायका नाव सांगत नव्हत्या म्हणून गाळल्या, आता सांगतात तर आपण विचारत नाही.

म्हणून मी काय केलंय ते सांगतो. नवीन फाईल केलीये. वडिलांच्या कागदावरनं उतरवलीये, नाव, गल्ली, धंदा, सही, एक ते पन्नास, उभी रेघ फक्त ह्या चार शब्दांच्या मधे. ट्रस्टी साहेबांच्या प्रश्नाला माझ्यापुरतं उत्तर त्यात गल्लीच्या रकान्यातनं काढलंय: निमंत्रण गल्लीवार द्या, आपल्या चौदा गल्ल्या आहेत, प्रत्येक गल्लीतनं तीन माणसं, त्यात एक बाई पाहिजेच, म्हणजे बेचाळीस झाले, वरच्या आठ ओळी अधिकाऱ्यांना. दर्ग्याच्या गल्लीतनं, मोमीन गल्लीतनं, बाजारपेठेतनं माणसं आपोआप येतील आणि त्यांच्या गटारी, त्यांचे मंडप, त्यांच्या मिरवणुकीच्या वाटा घेऊन येतील. साहेबांना वर दाखवायचं असेल तर नावं आहेतच की, वरच्यांना वाचता येतं. आणि मीटिंग फक्त सणाच्या आधी आठ दिवस न घेता एकदा उन्हाळ्यात पण घ्या, पाण्याच्या टँकरवरनं जेव्हा खरी भांडणं असतात तेव्हा. चहा मी देतो.

जुनी फाईल डिलीट केलेली नाही. ज्यांना तीच पाहिजे त्यांनी पेनड्राईव्ह घेऊन यावं आणि प्रिंट दुसरीकडं काढावी, माझ्याकडं ती निघणार नाही. नवीनच्या प्रिंटांचे पैसे घेणार नाही, मागची बाकी पण सोडली.

राहिलं पावतीपुस्तक. अध्यक्षांनी ते हिशोबानंतर माझ्याकडं ठेवायला दिलंय, गल्ल्याच्या खालच्या खणात आहे, शेवटची पावती नंबर ४१२, त्याच्या अक्षरात. ते त्याला परत द्यायला कुणीतरी जायला पाहिजे आणि मी एकट्यानं जाऊन उपयोग नाही. अध्यक्षांनी रविवारी सकाळी दहाच्या आत यावं, नंतर दुकानात गर्दी होते. साहेबांनी आणि त्या हवालदार साहेबांनी पण जमल्यास यावं, मोटरीचं दुकान तसंही ठाण्याच्या मागच्या बोळातच आहे, चालत तीन मिनिटं.

कळावे,

नाव: माहितीच आहे
गल्ली: स्टँड रोड
धंदा: झेरॉक्स, टायपिंग, ऑनलाईन फॉर्म
सही: मूळ प्रतीवर केली आहे